मदत हवी आहे: 'रेड रिव्हर व्हॅली'चं मूळ शोधतोय

मंडळी, हे काऊबॉय लोकांचं विरहगीत मला फार म्हणजे फार आवडतं. टेक्सासचा गायक कार्ल स्प्रेगने 1925 ला ते 'काऊबॉय लव्ह साँग' नावाने रेकॉर्ड केलं म्हणून सगळे टेक्सासचंच धरून चालतात, पण कॅनडाच्या लोकगीत अभ्यासक एडिथ फाउक यांनी दाखवलंय की 1896 च्या आधीच ते कॅनडाच्या निदान पाच प्रांतांत गायलं जायचं, म्हणजे नदी मॅनिटोबाची असणार आणि निघून जाणारा माणूस काऊबॉय नाही तर 1870 मध्ये तिथलं बंड मोडायला पाठवलेल्या लष्करी मोहिमेतला सैनिक, मला तर हेच जास्त पटतं! या गाण्याच्या अमेरिकेतल्या आयोवा राज्यातल्या जुन्या हस्तलिखितावर 1879 आणि 1885 ही सालं आहेत म्हणतात, त्याचे फोटो कुठे बघायला मिळतील? विनिपेग, आयोवाकडचं कोणी असेल तर प्लीज सांगा ना, जुने कॅनेडियन शब्द असलेलं रेकॉर्डिंगही चालेल.