'श्री. युहानी तेरवापा' नेमके कोण?

करवीरकर : आमच्या कोल्हापुरातील छोट्या चित्रपट-मंडळात येत्या रविवारी १९४७ चा 'द फार्मर्स डॉटर' दाखवायचा आहे. पत्रकावर 'मूळ नाटक : श्री. युहानी तेरवापा' असे मी छापून घेतले आणि साठ प्रती हातात आल्यावर कळले की हे हेला वुओलियोकी (१८८६–१९५४) या फिनिश लेखिकेचे टोपणनाव आहे. त्यांचा परिचय पटकथाकार म्हणून द्यावा की नाटककार म्हणून?

जुनापडदा : नाटककार म्हणणेच रास्त ठरेल. आपल्या चित्रपटाची पटकथा ॲलन रिव्हकिन आणि लॉरा केर यांची आहे. हेलाबाई मूळच्या एस्टोनियाच्या. हेलसिंकीला शिकल्या आणि पुढे लाकडाच्या व्यापारात उतरल्या. १९३३ मध्ये त्यांच्या एका नाटकावर बंदी आली. त्यानंतर १९३६ मध्ये 'निस्कावुओरीच्या बायका' हे नाटक त्यांनी पुरुषी नावाने रंगभूमीवर आणले, ते गाजले आणि दोनच वर्षांत त्याचा चित्रपटही झाला.

पाटीपेन्सिल : थोडा मतभेद नोंदवतो. ज्या १९३७ साली आपल्याकडे 'कुंकू' आला, त्याच साली वालेन्तिन वाला यांनी हेलाबाईंच्या नाटकावरून 'यूराकोन हुल्दा' काढला. खेड्यातून कामाच्या शोधात शहरात आलेली हुल्दा एका लोकप्रतिनिधीच्या घरी मोलकरीण म्हणून राहते आणि दिवसभराची कामे उरकल्यावर रात्री पुस्तके घेऊन बसते आणि पुढे राजकारणात पडते. फिनलंडमध्ये स्त्रियांना १९०६ मध्येच मतदानाचा व निवडणूक लढवण्याचा हक्क मिळाला होता आणि १९०७ च्या निवडणुकीत १९ स्त्रिया निवडून आल्या होत्या, त्यामुळे मोलकरणीने राजकारणात पडणे तिथल्या प्रेक्षकाला अगदीच अघटित वाटले नसावे. हॉलिवुडने 'द फार्मर्स डॉटर'मध्ये याच हुल्दाला स्वीडिश वंशाच्या अमेरिकी शेतकऱ्याची लेक केले आणि त्या भूमिकेसाठी लॉरेटा यंग यांना ऑस्कर मिळाले. पण गोष्टीचा कणा हेलाबाईंचाच राहिला. तेव्हा नुसते 'नाटककार' लिहून पडद्यावरचे त्यांचे ऋण झाकू नये. ('कुंकू'ची मूळ कादंबरी लिहिणाऱ्या ना. ह. आपट्यांनाही आपण असेच विसरतो.)

जुनापडदा : मान्य. नाव झाकले जाण्याचा प्रकार त्यांच्या बाबतीत पुन्हा घडला. १९४० मध्ये परागंदा जर्मन नाटककार ब्रेख्ट त्यांच्या मार्लेबॅक येथील वाड्यावर राहिले आणि हेलाबाईंच्या कथा व नाटकाच्या आधारावर त्यांनी 'पुंटिला' हे नाटक रचले, जे आज जगभर ब्रेख्टचे म्हणूनच ओळखले जाते. १९४३ मध्ये सोव्हिएत हेराला आश्रय दिल्यावरून हेलाबाईंना जन्मठेप झाली, १९४४ मध्ये सुटका झाली आणि १९४५ ते १९४९ त्या फिनिश आकाशवाणीच्या प्रमुख होत्या! पत्रकात यातली एखादी ओळ अवश्य घ्यावी.

करवीरकर : दोघांचेही आभार. पुन्हा छपाई परवडणारी नाही. म्हणून साठही प्रतींवर 'श्री.' पेनाने खोडून वर 'हेला वुओलियोकी' लिहीत बसलो आहे. 'नाटककार' हा शब्द ठेवतो आणि त्याखाली 'हुल्दा या व्यक्तिरेखेच्या जन्मदात्या' असे जोडतो. बाविसाव्या प्रतीवर आहे.