बोटांच्या सांध्यांची दुखणी : आपापले अनुभव लिहावेत

गेल्या पावसाळ्यात माझ्या उजव्या हाताची अनामिका रोज सकाळी मिटलेलीच राहू लागली. दुसऱ्या हाताने ती उघडायला गेले की आत काहीतरी ‘कट्’ करून सुटे आणि बोटाच्या बुडाशी, तळहाताच्या बाजूला कळ उठे. पाच महिने मी ‘वात आहे’ म्हणत तेल चोळत राहिले. अखेर अस्थिरोगतज्ज्ञांनी तळहातावर एका जागी दाबून धरून बोटाची उघडमीट करायला लावली, तेव्हा वाटाण्याएवढी गाठ कातडीखाली पुढेमागे सरकताना मलाही जाणवली. बोट वाकवणारा टेंडन (स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी) ज्या नळीतून सरकतो, तिच्या तोंडाशी असलेला पट्टा जाड झाला की टेंडन तिथे अडखळतो. यालाच ट्रिगर फिंगर म्हणतात. म्हणजे सांधा झिजलेला नव्हताच, आणि मधुमेहींमध्ये हा त्रास अधिक आढळतो, हेही तेव्हाच समजले. स्टेरॉइडच्या एका इंजेक्शनने बोट सुटले. पुढचे काही दिवस साखर चढी राहिली, पण डॉक्टरांनी आधीच बजावले असल्यामुळे मी ती रोज तपासत होते.

बोटांच्या प्रत्येक दुखण्याला आपल्याकडे सरसकट ‘संधिवात’ म्हटले जाते आणि त्यात उपचाराचा मोलाचा काळ निघून जातो, याची मला फार खंत वाटते. म्हणून कोणते पेर दुखले, सकाळचा ताठरपणा किती वेळ टिकला, निदान कसे झाले आणि उपचाराने काय बदलले, हे ज्यांनी सोसले आहे त्यांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

शिक्षिका, वय ४१

मी ३४ वर्षांची असताना दोन्ही हातांची बोटे तळहाताला जिथे जुळतात ते सांधे आणि मधली पेरे एकाच वेळी सुजली. पहाटे डबे करायला उठल्यावर कणीक मळणे सोडाच, कुकरचे झाकणही फिरवता येत नसे, आणि हात मोकळे व्हायला नऊ वाजत. घरी सर्वांना ती दगदग वाटली. चार महिन्यांनी संधिवाततज्ज्ञांकडे गेले, तेव्हा ‘सकाळी तासाभराहून जास्त आखडतात का?’ हा त्यांचा पहिला प्रश्न होता. अँटी-सीसीपी ही रक्ततपासणी पॉझिटिव्ह आली. हा आमवात (रुमेटॉइड आर्थ्रायटिस) होता. यात शरीराची प्रतिकारशक्तीच सांध्यांच्या अस्तरावर उलटते आणि उपचार लांबले की हाडे कुरतडली जाऊन बोटे कायमची वाकडी होतात.

मला मेथोट्रेक्सेट, म्हणजे या प्रतिकारशक्तीला आवर घालणारे औषध, सुरू झाले. हे औषध आठवड्यातून एकदाच घ्यायचे असते. चुकून रोज घेतल्यास ते जिवावर बेतू शकते, म्हणून मी डबीवर ठळक अक्षरांत ‘फक्त रविवार’ अशी चिठ्ठी डकवली आहे. सोबत फॉलिक ॲसिड आणि ठरलेल्या अंतराने यकृताच्या व रक्तपेशींच्या तपासण्या चालू आहेत. गुण यायला जवळजवळ दोन महिने लागले आणि त्या काळात औषध सोडून देण्याचा विचार अनेकदा मनात आला. आज मी फळ्यावर लिहू शकते.

क्रिकेट खेळणाऱ्या मुलाचे वडील

चेंडू करंगळीच्या टोकावर आदळला आणि शेवटचे पेर खाली लोंबू लागले. फारसे दुखत नसल्यामुळे आम्ही आठवडाभर थांबलो, ही आमची चूक. पेर सरळ करणारा टेंडन तुटला होता. बोट सरळ धरून ठेवणारी पट्टी, म्हणजे स्प्लिंट, सहा आठवडे अखंड ठेवायची होती, पण एकोणिसाव्या दिवशी अंघोळ करताना मुलाने ती काढली, बोट वाकले आणि मोजणी पुन्हा पहिल्या दिवसापासून सुरू झाली.

शिवणकाम करणारी आजी, वय ६४

माझ्या नखांजवळच्या पेरांवर टणक गाठी आहेत. आईच्या बोटांवरही तशाच होत्या. कोणी सांगितले म्हणून वर्षभर डाळी आणि टोमॅटो सोडले; प्रत्यक्षात रक्तातले युरिक ॲसिड, जे वाढले की सांधे दुखू शकतात, ते वाढलेलेच नव्हते. ही सांध्यांची झीज असून गाठी विरघळवणारे औषध नाही, असे डॉक्टरांनी स्पष्ट सांगितले आणि त्या स्पष्टपणाचा मला आधारच वाटला. सकाळी दहा-पंधरा मिनिटे कोमट पाण्यात हात ठेवते, दुखरे दिवस असले की मलम लावते. कात्रीच्या मुठीला कापडाची जाड पट्टी गुंडाळली आहे. काजे करण्याचे काम सुनेकडे दिले. कापड बेतणे मात्र अजून मीच करते.