मानशीची पावणी, खाणीचा लिलाव: नियम बदलला की नुसता माणूस?

झुवारीकाठ

गेल्या पावसाळ्यात गोव्यातल्या आमच्या खाजनाचा, म्हणजे बांध घालून खाडीच्या खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या शेताचा, बांध फुटला. चार दिवस खारं पाणी शेतात उभं होतं. कोरगूट ही भाताची जात खारटपणा सोसते, पण तिलाही मर्यादा आहेच. पाचव्या दिवशी पाणी उतरलं तेव्हा रोपं मुळाशी काळी पडली होती, हात लावला की उपटून येत होती.

बांध का फुटला ते गावात सगळ्यांना ठाऊक आहे. मानशीची (बांधातल्या पाण्याच्या फाटकाची) दारं अशी बसवलेली असतात की भरतीचं पाणी बाहेरून रेटतं तेव्हा ती आपोआप मिटतात आणि ओहोटीला आतलं पाणी रेटतं तेव्हा उघडतात. माणसाने हात लावायची गरजच नाही. पण मासळीची पावणी (लिलावाने मिळणारा वर्षाचा हक्क) ज्याने घेतली, तो रात्री भरतीला दारं अडकवून उघडी ठेवतो. जेवढं खारं पाणी आत, तेवढी कोळंबी जास्त. पाणी जोराने आत-बाहेर करतं आणि बांधाचा पाया पोखरला जातो. त्याने एका वर्षाचे पैसे मोजलेत, त्याची नजर एका वर्षापलीकडे जात नाही.

परवा इथे खाण लिलावांवर बोलणं चाललं होतं. पोर्तुगीज काळातल्या कन्सेशनी (खाणींचे परवाने) पिढ्यान्‌पिढ्या त्याच घराण्यांकडे चालत, खाण कायद्याच्या 2015 च्या दुरुस्तीनंतर खुला लिलाव आला, म्हणजे भांडवलशाही सुधारली, असं बऱ्याच जणांनी लिहिलं. मला ते पटत नाही. लिलावाने घेणारा बदलतो. घेणाऱ्याने मागे काय ठेवून जायचं, हे त्याने ठरत नाही. मानशीचीही पावणीच होते ना?

आपल्या गांवकारीत, म्हणजे गावाच्या सामाईक जमिनीच्या जुन्या व्यवस्थेत, हा विचार होता. 1526 साली पोर्तुगीज अधिकारी अफोंसो मेशियाने फोराल (गावांच्या हक्क-रीतींची सनद) लिहून काढला तेव्हा त्याने नवं काही निर्माण केलं नाही, गावांत आधीपासून चालत आलेली रीत कागदावर उतरवली. शेतं पावणीने कसायला द्यायची. आलेल्या पैशातून आधी सरकारचा फोर (सारा), मग बांध, देऊळ, वाटा, असा गावाचा सामाईक खर्च. उरलं तर गांवकारांना जोण (नफ्यातला वाटा). नफा सगळ्यात शेवटी. खनिजाचंही तसंच व्हावं. सर्वोच्च न्यायालयाने 21 एप्रिल 2014 च्या निकालात गोव्यातल्या खनिजाच्या विक्रीच्या 10 टक्के रक्कम भावी पिढ्यांसाठीच्या कायम निधीत टाकायला सांगितली. मी म्हणतो 10 टक्क्यांवर का थांबायचं? खनिज हे उत्पन्न नव्हे, मुद्दल आहे. नॉर्वेने 1990 साली कायदा करून तेलाचा निधी काढला, आणि आज तिथलं सरकार त्यातून साधारण 3 टक्केच खर्चाला घेतं.

टिप्परवाला सत्तरी

नॉर्वेचं उदाहरण ऐकून ऐकून कंटाळा आला. तिथे तेल निघत होतं, माणसं कामावर होती आणि सोबत निधी भरत होता. इथे सप्टेंबर 2012 मध्ये खाणींचं सगळं काम एका रात्रीत थांबलं. मध्ये थोडं सुरू झालं, तर 7 फेब्रुवारी 2018 च्या निकालाने 88 खाणपट्ट्यांचं नूतनीकरण रद्द झालं आणि मार्चच्या मध्यापासून पुन्हा सामसूम. माझ्याकडे खनिज वाहायचे दोन टिप्पर होते, दोन्ही कर्जावर. एक दारातच उभा राहून गंजला. त्याची चाकं विकून मुलीची फी भरली. बँकेचा माणूस घरी यायचा तेव्हा आई त्याला चहा द्यायची आणि मी मागच्या दाराने बाहेर जायचो.

चीनला बीजिंग ऑलिंपिकच्या सुमाराला हलक्या प्रतीचंही खनिज हवं होतं, तेव्हा आम्हाला कर्ज काढा म्हणून सगळ्यांनी सांगितलं. खाणवाले, बँका, पुढारी. कोणी निधीचं नाव काढलं नव्हतं. मोडताना मात्र एकदम भावी पिढ्या आठवल्या. माझी मुलगीसुद्धा भावी पिढीच होती. नियम बदलायचे तर बदला, पण मधल्या वर्षांचा खर्च कोणी सोसायचा ते आधी लिहा.

कुळाघरची

धागाकर्त्यांच्या बांधाबद्दल मनापासून वाईट वाटलं. पण गांवकारीचं हे गोड चित्र मला मान्य नाही.

जोण मिळायचा तो गांवकाराच्या वंशातल्या पुरुषाला. माझी आजी चाळीस वर्षं त्याच खाजनात लावणीला गेली. चिखलात उभं राहून तिच्या पायांची नखं कायमची मऊ झाली होती. तिला काय मिळालं? मजुरी. सणाला भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) घरी नारळ सोलायचं कामही तिलाच. आम्ही मुंडकार, म्हणजे त्याच्या जमिनीवर घर असलेले, घराला नवं कौल घालायचं तरी भाटकाराला विचारावं लागे. ‘उरलं तर वाटायचं’ हे ठीक, पण वाटायला बसलेल्यांत आम्ही नव्हतो.

हे बदललं ते कायद्याने. 1964 चा कूळ कायदा, 1975 चा मुंडकार कायदा, 1976 ची पाचवी दुरुस्ती, जिने कसणारं कूळ मालक ठरलं. पहिला कायदा झाला तेव्हा मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकर होते, जे स्वतः खाणमालक. नंतरचे दोन्ही मुख्यमंत्री शशिकलाताई काकोडकरांच्या कारकिर्दीत. म्हणून रीत जुनी म्हणून चांगली, असं कोणी म्हटलं की माझ्या घशात आवंढा येतो. बदल वरून लादावाच लागतो कधीकधी. खालून आपोआप आला असता तर आजीच्या हयातीत आला असता.

वर्गातला फळा

मी अर्थशास्त्र शिकवतो, म्हणून थोडं सविस्तर. झुवारीकाठ आणि कुळाघरची, तुमच्या दोघांचंही म्हणणं एकाच घटनेवर येऊन थांबतं आणि ती घटना 1976 ची.

डग्लस नॉर्थला 1993 साली नोबेल मिळालं ते मुख्यत्वे आर्थिक संस्था कालांतराने कशा बदलतात या कामासाठी. त्याचं म्हणणं साधं आहे. लिहिलेले नियम एका दिवसात बदलता येतात, माणसांच्या सवयी आणि न लिहिलेले संकेत सावकाश बदलतात, आणि दोन्हींची सांगड बसली नाही तर नवा कायदा भलतीकडे जातो. आपल्याकडे जमीन कुळाची झाली, ते न्याय्यच होतं. पण बांध राखायचं काम आधी कोमुनिदाद (गांवकारीचं पोर्तुगीज नाव) आणि खाजनाचे बौस (शेतकऱ्यांची मंडळं) करत. ते कागदोपत्री कूळ संघटनांकडे आलं. संघटनेकडे ना ती सवय, ना पुरेसा पैसा. मग पैसा उभा करायला मानशीची मासळी पावणीला घालायची. जी मानस शेत राखायला बांधली, तिच्यावरच शेत बुडवणारा धंदा उभा राहिला. कुणा एकाचा डाव नव्हता हा. हक्क दिला, जबाबदारीची व्यवस्था दिली नाही. गोव्यातल्या सुमारे 18 हजार हेक्टर खाजनाचा हा प्रश्न आहे.

एलिनॉर ऑस्ट्रॉमने (नोबेल 2009) जगभरातल्या अशा सामाईक व्यवस्था अभ्यासल्या. स्वित्झर्लंडच्या ट्योर्बेल गावाचा 1517 चा नियम मला फार आवडतो: हिवाळ्यात स्वतःच्या चाऱ्यावर जेवढ्या गायी पोसता येतील, तेवढ्याच उन्हाळ्यात डोंगरावरच्या सामाईक कुरणात सोडायच्या. एकच ओळ, पण त्यात घेण्याचा हक्क राखण्याच्या कुवतीला बांधलेला आहे. आपल्या पावणीच्या कागदात ही ओळ नाही. खाणपट्ट्यात खाण बंद करण्याच्या योजनेची अट असते, पण दर पावसात डिचोलीच्या शेतांत खाणीच्या ढिगांवरून उतरणारी माती पाहा आणि ती अट किती पाळली जाते ते सांगा.

भांडवलशाही सुधारते का, तर सुधारते. जर्मनीत 1951 साली कोळसा आणि पोलाद उद्योगात हजाराहून अधिक कामगार असलेल्या कंपन्यांच्या देखरेख मंडळावर कामगारांना मालकांइतक्याच जागा मिळाल्या. कामगार संघटनांनी संपाची तयारी केली तेव्हा मिळाल्या.

टिप्परवाला सत्तरी

जर्मनीचं हे पहिल्यांदाच वाचलं. आमच्याकडे जिल्हा खनिज निधीच्या बैठकीत कोण बसतं ते विचारा. धूळ खाणाऱ्या गावातली किती माणसं असतात? सरांनी सांगितलेली ओळ मला कळली, आणि ती कायम निधीपेक्षा जवळची वाटते. निधी पणजीत, धूळ आमच्या ताटात.

झुवारीकाठ

@कुळाघरची, तुम्ही लिहिलेलं दोनदा वाचलं. मी गांवकाराच्या घरातला आहे, जोण घेतलेला आहे, म्हणून हिशोबाची ती बाजू मला सहज दिसते आणि तुमच्या आजीची दिसली नाही. वाटणाऱ्यांचं वर्तुळ उघडलंच पाहिजे. 1961 ची कोमुनिदाद संहिता आज दोनशेहून अधिक कोमुनिदादींना लागू आहे, आणि तिच्यातला वंशाचा निकष मला आता समर्थनीय वाटत नाही.

पण आधी खर्च, मग नफा हा क्रम मी सोडणार नाही. पुढच्या पावणीच्या आधी आमच्या संघटनेपुढे दोन अटी ठेवणार आहे. पावणी घेणाऱ्याने बांधाच्या दुरुस्तीची अनामत आधी भरायची, आणि मानशीची दारं अडवलेली सापडली तर ती अनामत त्याच दिवशी जप्त. पावणीची रक्कम कमी येईल, हे मान्य.

टिप्परवाला सत्तरी

रक्कम कमी आली तर संघटनेतलेच लोक ओरडतील, तयारी ठेवा. बाकी अनामतीचं पटलं. खाणीच्या अटींतही ढिगांच्या पायथ्याच्या शेतांसाठी वेगळी अनामत आणि गावातल्या टिप्परांना ठरलेलं काम, दोन्ही एकाच कागदावर लिहून द्या. त्यावर मी सही करीन. नुसतं निधी वाढवा म्हणाल तर नाही.

कुळाघरची

अट चांगली आहे. तरी एक विचारते. रात्री दारं अडवली का हे पाहायला मानशीवर कोण जाणार? आमच्या वाड्यातून मानस दिसते, तुमच्या घरातून दिसत नाही. राखणीचं काम वाड्यातल्या बायकांना पगार देऊन लावा आणि जप्तीचा अधिकार त्यांच्या हातात द्या. आजवर आम्ही दारं उघडी पाहिली, सांगायला गेलो, आणि कोणी ऐकून घेतलं नाही. हे तिसरं कलम घातलंत तर मीही बैठकीला येते. गांवकारी या शब्दाला मात्र मी अजून तयार नाही.