शब्दचर्चा: 'केअर ऑफ क्रिएशन'ला मराठीत काय म्हणायचं? संवर्धन, काळजी, की राखण?

मूळ प्रश्न (नाशिकरोड)

नमस्कार मंडळी, एक शब्द अडलाय. 1 सप्टेंबरला आमच्याकडे, म्हणजे कॅथलिक चर्चमध्ये, 'केअर ऑफ क्रिएशन'साठी प्रार्थनेचा दिवस असतो. पोप फ्रान्सिस यांनी तो 2015 साली सुरू केला, ऑर्थोडॉक्स लोकांकडे (पूर्वेकडच्या ख्रिस्ती चर्चमध्ये) त्याआधी 1989 पासून होता, आणि 1 सप्टेंबरपासून 4 ऑक्टोबरपर्यंत, म्हणजे असिसीच्या संत फ्रान्सिसच्या सणापर्यंत, हा काळ चालतो. यंदा मराठी मिस्सेसाठी (आमच्या चर्चमधली मुख्य उपासना) प्रार्थना लिहायचं काम माझ्याकडे आलंय. इंग्रजीवाल्यांचं बरं आहे, त्यांचा शब्द ठरलेला आहे, पण आमच्या ग्रुपवर एकाने 'निसर्ग संवर्धन' लिहिलं, एका ताईंनी 'पर्यावरण रक्षण', फादर म्हणाले 'सृष्टीची काळजी' घ्या, आणि मला तिन्ही वाचताना काहीतरी राहून गेल्यासारखं वाटतंय पण काय ते सांगता येत नाही.

निसर्ग आणि सृष्टी यातला फरक मला कळतो. फ्रान्सिस यांच्या 'लाउदातो सी' या पत्रातच (मे 2015 चं, नावाचा अर्थ 'तुझी स्तुती असो') परिच्छेद 76 मध्ये तो सांगितलाय, की निसर्ग म्हटलं की अभ्यास करायची, ताब्यात ठेवायची एक व्यवस्था डोळ्यापुढे येते आणि सृष्टी म्हटलं की कोणीतरी दिलेलं दान. म्हणून 'सृष्टी' पक्का. अडलंय ते 'केअर'वर.

प्रतिसाद (पंचवटी)

'संवर्धन' नको असं माझं स्पष्ट मत. संवर्धन म्हणजे वाढवणं, ज्यात वृध् धातू आहे, मत्स्यसंवर्धन, ऊतीसंवर्धन, त्यात माणूस वाढवणारा आणि बाकी सगळं वाढवून घेणारं. शिवाय तो शब्द आता सरकारी पाट्यांवर राहून राहून गुळगुळीत झालाय. आपल्या गोदाकाठी किती पाट्या आहेत 'संवर्धन'च्या, आणि रामकुंडापासून खाली नदीचं पाणी कसं आहे ते रोज गंगेवर (गोदावरीला आपण नाशिककर गंगाच म्हणतो) जाणाऱ्याला सांगायला नको.

'काळजी'ची अडचण वेगळी. मराठीत काळजी घेतात आणि काळजी करतात पण. 'सृष्टीची काळजी' एवढंच लिहिलं तर क्रियापदाशिवाय ती चिंता वाटते. आणि तुमच्याच शुभवर्तमानात आकाशातल्या पाखरांकडे बघा, चिंता करू नका असं आहे ना? मग पाखरांचीच काळजी करा म्हणायचं हे कानाला विचित्र लागतं.

प्रतिसाद (कॉलेजरोड, बायबलचा अभ्यास करते)

दादा तुमचा शब्द बायबलात आधीच आहे, मराठीतच आहे! उत्पत्तीच्या दुसऱ्या अध्यायात 15 वं वचन बघा. देवाने माणसाला एदेन बागेत ठेवलं ते कशासाठी, तर तिची 'मशागत व राखण' करायला. आपल्या जुन्या मराठी भाषांतराचं हे इतकं सुंदर काम आहे की मी दरवेळी तिथे थांबते. मूळ हिब्रूत दोन क्रियापदं आहेत, 'अबाद' आणि 'शामर'. अबाद म्हणजे कष्ट करणं, राबणं, पण सेवा करणं आणि उपासना करणं पण तेच, अरबीतून आपल्याकडे आलेल्या 'इबादत'चं मूळ याच घराण्यातलं. आणि मराठी 'मशागत' पण अरबीच, मशक्कत, म्हणजे कष्ट. भाषांतर करणाऱ्यांच्या मनात हे होतं का कोण जाणे पण शब्द अगदी जागेवर बसलाय.

'शामर' म्हणजे राखणं. काइनाने हाबेलाला मारल्यावर तो देवाला उलट विचारतो ना, मी काय माझ्या भावाला राखणारा आहे का, तिथे हेच क्रियापद आहे. म्हणजे बाग राखणं आणि भाऊ राखणं याला हिब्रूत एकच शब्द. 'लाउदातो सी'मध्ये जमिनीचं रडणं आणि गरिबांचं रडणं दोन्ही एकत्र ऐका असं म्हटलंय, ते मला या एका क्रियापदात सगळं दिसतं.

आता कोणीतरी विचारणारच म्हणून आधीच लिहिते, पहिल्या अध्यायात 28 व्या वचनात 'सत्ता चालवा' पण आहे. हिब्रू 'रादा'. त्यावरूनच 1967 मध्ये लिन व्हाइट या इतिहासकाराने 'सायन्स' नियतकालिकात लेख लिहून पर्यावरणाच्या संकटाचं खापर पाश्चात्त्य ख्रिस्ती विचारावर फोडलं होतं. तो आरोप अगदीच हवेतला नव्हता, माणसांनी ते वचन तसं वापरलंच. पण फ्रान्सिस परिच्छेद 67 मध्ये सरळ म्हणतात की असा अर्थ काढणं चूक आहे, आणि त्यासाठी ते या मशागत-राखणीच्याच वचनाकडे जातात. पुढे 116 मध्ये ते सत्तेला जबाबदार कारभाऱ्याच्या अर्थाने घ्या म्हणतात. 'कारभारी' हा पण आपल्या बायबलातला शब्द, पण मी तो प्रार्थनेत घेणार नाही, आपल्याकडे कारभारी म्हटलं की एकतर गावचा पुढारी आठवतो नाहीतर बायकोने नवऱ्याला मारलेली हाक.

प्रतिसाद (निफाड तालुका)

मी ख्रिश्चन नाही, माळकरी घरातला आहे, पण राखण शब्दावर बोलल्याशिवाय राहवत नाही कारण आमचं आयुष्य त्यातच गेलं. ताई, राखण म्हणजे नुसतं सांभाळणं नाही बरं का. राखण म्हणजे जागणं. निफाडला थंडी पडली की पारा किती खाली जातो ते पेपरात वाचताच तुम्ही, त्या रात्री आम्ही द्राक्षबागेत शेकोट्या पेटवतो, पहाटे ड्रीप सोडतो म्हणजे मण्याला तडा जाऊ नये, आणि घरात कोणी झोपत नाही. काळजी घरात बसून पण करता येते, राखणीला वावरात जावं लागतं.

दुसरं असं की राखण बऱ्याचदा दुसऱ्याच्या मालाची असते. गुराखी गावाची गुरं राखतो, त्यातलं एकही त्याचं नसतं, संध्याकाळी ज्याचं त्याला मोजून द्यायचं. तुम्ही म्हणता ना सृष्टी दान आहे, देवाची आहे, तर मग हाच शब्द बरोबर.

पण एक गोष्ट खरी सांगतो, या शब्दाला एक काटा आहे. आम्ही राखण करतो म्हणजे पाखरं हाकलतो. पूर्वी ज्वारीला माळ्यावर उभं राहून गोफण, आता द्राक्षाला जाळी आणि फटाके. मग सृष्टीची राखण म्हणताना पाखरं कुठे गेली? तुमच्या प्रार्थनेत ती आत पाहिजेत ना. नांदूर मधमेश्वर आमच्या तालुक्यात, महाराष्ट्रातलं पहिलं रामसर ठिकाण, म्हणजे आंतरराष्ट्रीय यादीतली पाणथळ जागा, दरवर्षी लांबून पक्षी येतात, आणि शेजारच्याच वावरात आम्ही फटाके लावतो. मला याचं उत्तर सापडलेलं नाही म्हणून विचारतो.

प्रतिसाद (कॉलेजरोड, परत मीच)

काका, तुमच्या प्रश्नाने मी दोन दिवस अडकून पडले. जे सापडलं ते सांगते. बायबलातल्या लेवीय या पुस्तकाच्या 19 व्या अध्यायात पीक कापताना शेताच्या कडेपर्यंत कापू नका, सरवा (कापणीनंतर शेतात पडून राहिलेली कणसं) वेचू नका, द्राक्षमळ्यात खाली पडलेली फळं उचलू नका, ती गरिबाला आणि परक्याला राहू द्या असं आहे. आणि सातव्या वर्षी जमीन पडीक ठेवायची, तेव्हा तिच्यात आपोआप येईल ते गरिबांनी खावं आणि उरेल ते रानातल्या जनावरांनी (निर्गम 23). म्हणजे राखणीत थोडं सोडणं पण धरलेलंच आहे. हाकलायचं पण सगळं नाही. 'सरवा' शब्द आता शहरातल्या मुलांना माहीतच नाही, पण तो शब्द गेला तर सोडायची पद्धत पण जाते असं मला वाटतं.

प्रतिसाद (पंचवटी)

काका पटलं. मी माझं मत बदलतो. आणि एक भर, 2025 च्या जुलैत व्हॅटिकनने सृष्टीसाठी खास मिस्सेचा पाठ काढला, पोप लिओ यांनी त्याच महिन्यात तो पहिल्यांदा वापरला, त्याच्या लॅटिन नावात शब्द 'कुस्तोदिया' आहे. आपण कोर्टाकडून आलेला 'कस्टडी' एवढाच ओळखतो पण मूळ अर्थ पहारा, राखण हाच.

अजून एक सुचवू का, संत फ्रान्सिसच्या साधारण 1225 च्या सृष्टीसाठी देवाची स्तुती करणाऱ्या स्तोत्रात सूर्य भाऊ आहे आणि चंद्र बहीण, कारण इटालियनमध्ये चंद्र स्त्रीलिंगी. ते तसंच मराठीत आणू नका, 'चंद्रबहीण' कोणालाच आपली वाटणार नाही. आपल्याकडे चंद्र मामा आहे, गोदा माई आहे, नाती आधीच जुळलेली आहेत ती वापरा.

मूळ प्रश्नकर्ता

सगळ्यांचे मनापासून आभार. काल फादरांना दाखवलं. ते 'राखण' वाचून थोडा वेळ गप्प बसले, मग म्हणाले ठेव. मसुदा असा झालाय:

'हे प्रभू, ही सृष्टी तुझी आहे, आम्ही तिचे राखणदार. गोदामाईचं पाणी, आमची बाग, आमच्या बागेवर येणारी पाखरं आणि सरवा वेचून जगणारे आमचे भाऊबहिणी, यांच्यासाठी आम्हाला जागं ठेव.'

वाचणाऱ्या आजी सत्तरीच्या आहेत, 'सृष्टीराखण' असा जोडशब्द मी आधी केला होता त्यावर त्या अडखळल्या, म्हणून सुटं ठेवलं. 'राखणदार' म्हणताना मात्र एकदाही अडखळल्या नाहीत. त्यांचं माहेर निफाडकडचंच आहे.