बेळगावात राहून हिप हॉपच्या बीटवर पोट भरता येईल का, आणि हा करार सही करावा का?

खासबागकर

सर्वांना नमस्कार. मी दिवसा उद्यमबागेतील एका फाउंड्रीत तपासणी विभागात काम करतो आणि रात्री घरी रॅपसाठी बीट, म्हणजे शब्दांखाली वाजणारे संगीत, तयार करतो. एफएल स्टुडिओ हे संगणकावर संगीत करण्याचे सॉफ्टवेअर, त्याला जोडलेला एक मिडी कीबोर्ड, दोन मॉनिटर स्पीकर आणि गाद्या उभ्या करून केलेला रेकॉर्डिंगचा कोपरा, एवढाच माझा स्टुडिओ आहे. गेल्या वर्षी निपाणीच्या एका रॅपर मित्रासाठी मी एक गाणे केले. आमच्या गल्लीत यंत्रमाग चालतात. त्यांच्या धोट्याची खटखट मी फोनवर टिपली आणि स्नेअर ड्रमच्या जागी वापरली. वीज खालीवर झाली की मागाची लय ढळते, त्यामुळे लूप, म्हणजे पुन्हापुन्हा वाजवायचा तुकडा, जसाच्या तसा बसेना. शेवटी एकेक ठोका वेगळा कापून 92 बीपीएमवर, म्हणजे मिनिटाला 92 ठोक्यांच्या गतीवर, लावावा लागला. शेवटच्या कडव्याखाली चुलत्यांच्या जुन्या ध्वनिमुद्रिकेतील कुमार गंधर्वांच्या निर्गुणी भजनाचा एक छोटा तुकडा सूर उतरवून ठेवला आहे.

गाणे यूट्यूबवर बरे चालले आणि आता मुंबईतील एका कंपनीने कराराचा मसुदा पाठवला आहे. 40,000 रुपये एकरकमी. त्या बदल्यात सर्व हक्क, सर्व माध्यमांत, जगभर आणि कायमस्वरूपी त्यांचे. माझे नाव कुठे झळकेल याबद्दल मसुद्यात अवाक्षर नाही, आणि सही होण्याआधीच प्रोजेक्ट फाइल व स्टेम्स (प्रत्येक वाद्याच्या व आवाजाच्या सुट्या फाइली) पाठवाव्यात असा त्यांचा आग्रह आहे. मित्र म्हणतो, सही कर आणि नोकरीही सोड. वडिलांची उभी हयात मागावर गेली. त्यांचे म्हणणे अर्थातच वेगळे आहे. या व्यवसायातील जाणकारांनी दोन्ही बाबतींत सल्ला द्यावा, ही विनंती.

टिळकवाडीचे वकील

सही होऊन पैसे खात्यात जमा होईपर्यंत स्टेम्स आणि प्रोजेक्ट फाइल कोणालाही पाठवू नका. बाकीचे सगळे यानंतर.

तुमच्या गाण्यात कायद्याच्या दृष्टीने तीन स्वतंत्र वस्तू आहेत: मित्राचे शब्द, तुमचे संगीत, आणि या दोहोंचे ध्वनिमुद्रण. कंपनीच्या मसुद्याने तिन्हींचे एकच गाठोडे बांधलेले आहे. आपल्याला स्वरलिपी लिहिता येत नाही, आपण माउसने चौकोन भरतो, म्हणून आपण संगीतकार नव्हे, असे बीट करणाऱ्या अनेक मुलांना वाटते. 1957 च्या कॉपीराइट कायद्यातील व्याख्येनुसार संगीत रचणारा तो संगीतकार, मग त्याने ते कागदावर उतरवलेले असो वा नसो. ध्वनिमुद्रणाची गोष्ट निराळी आहे. ते करण्यात ज्याने पुढाकार घेतला आणि जबाबदारी उचलली, त्याला कायदा निर्माता मानतो. खर्च आणि यंत्रसामग्री तुमची असेल, तर बिले, फाइलींच्या तारखा आणि मित्राशी झालेले संदेश जपून ठेवा. उद्या वाद झालाच तर तेच तुमचे साक्षीदार.

2012 च्या दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांना एक पक्के संरक्षण दिले आहे. चित्रपटाबाहेरच्या गाण्यांनाही ते लागू आहे. रॉयल्टीतील समान वाटा मिळण्याचा हक्क त्यांना करारानेदेखील सोडून देता येत नाही. तो केवळ वारसांकडे किंवा कॉपीराइट सोसायटीकडे सोपवता येतो, आणि याविरुद्ध लिहिलेले कलम रद्दबातल ठरते. तेव्हा मसुद्यातील ‘सर्व हक्क’ या शब्दांनी घाबरून जाऊ नका. मात्र हे संरक्षण शब्दांना आणि संगीताला आहे, ध्वनिमुद्रणाच्या मालकीला नाही. ती विकली की गेली.

‘कायमस्वरूपी’ आणि ‘जगभर’ हे शब्दही उगाच आलेले नाहीत. करारात मुदत लिहिलेली नसेल, तर कायदा ती 5 वर्षे धरतो आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर केवळ भारत. तुम्ही उलट प्रस्ताव असा द्यावा की ध्वनिमुद्रण विकणार नाही, 3 किंवा 5 वर्षांचा परवाना देईन. 40,000 ही आगाऊ रक्कम समजावी आणि ती वसूल झाल्यावर पुढच्या उत्पन्नात ठरलेला वाटा मिळावा. श्रेयासाठी वेगळे कलम घाला. हक्क विकल्यानंतरही रचनाकार म्हणून ओळखले जाण्याचा अधिकार कलम 57 प्रमाणे तुमच्याकडेच राहतो. तरी तो मिळवण्यासाठी कोर्टाची पायरी चढावी लागू नये, म्हणून कागदावर असलेला बरा.

चिकोडी साउंड

वकीलसाहेबांनी कराराचे सांगितले. मी पोटापाण्याचे सांगते, कारण चिकोडीत राहून मी हेच काम पूर्ण वेळ करते.

गाण्याच्या स्ट्रीमिंगवर घर चालेल, ही आशा सोडून द्या. स्पॉटिफायने 2024 पासून नियमच केला आहे की, मागील 12 महिन्यांत ज्या गाण्याला 1,000 स्ट्रीम मिळालेले नाहीत, त्याच्या ध्वनिमुद्रणाला काहीही मिळणार नाही. माझे उत्पन्न मुख्यतः इतरांच्या गाण्यांचे मिक्सिंग-मास्टरिंग (आवाजांचा मेळ बसवून शेवटचा हात फिरवणे), दुकानांच्या जाहिराती, शिवजयंतीच्या चित्ररथांसाठी करून दिलेले ट्रॅक आणि निवडणुकीची प्रचारगीते यांतून येते. प्रचारगीतांना हसू नका. आपल्या भागात एकाच उमेदवाराला मराठी आणि कन्नड अशी दोन्ही गीते लागतात. बीट एकच राहते, शब्द आणि आवाज बदलतात, आणि बिल दोन गाण्यांचे होते. निम्मे पैसे आगाऊ घ्यावेत आणि उरलेले फाइल देण्यापूर्वी, कारण निकालानंतर पडलेला उमेदवार फोन उचलत नाही आणि निवडून आलेला तर मुळीच उचलत नाही.

इथल्या रॅपरला भाषा निवडावी लागते. मराठीत गायले तर त्याचे श्रोते कोल्हापूर-पुण्याकडे, कन्नडमध्ये गायले तर हुबळी-धारवाड आणि बेंगळुरूकडे. बीट करणाऱ्यावर ही सक्ती नाही. माझ्याकडे इचलकरंजीची मुले येतात तशी गोकाकचीही येतात, आणि मला तोडकेमोडके कन्नड येते एवढ्या भांडवलावर ती टिकून आहेत. तुम्ही आज एकाच मित्रासाठी काम करता, हा मला करारापेक्षाही मोठा धोका वाटतो. उद्या त्याने सूर बदलला किंवा तो पुण्याला गेला, तर तुमच्या हातात काय उरेल?

एक तांत्रिक गोष्ट. आपल्याकडे गाणे मोबाइलवर ऐकले जाते आणि मिरवणुकीत डॉल्बीवर वाजते, तेही एकच फाइल घेऊन. 808 चा, म्हणजे हिप हॉपमधल्या खोल ड्रमचा, बेस स्टिरिओत पसरवून ठेवला की हेडफोनमध्ये झकास वाटतो, पण अनेक ठिकाणी डॉल्बीचे सब (खर्जाचे मोठे स्पीकर) मोनोवर, म्हणजे डावे-उजवे एकत्र करून, चालतात आणि डाव्या-उजव्या लहरी एकमेकींना खाऊन टाकतात. साधारण 100 हर्ट्झच्या खालचे सगळे मी मोनो ठेवते. मोबाइलच्या स्पीकरमध्ये तो बेस मुळीच ऐकू येत नाही, म्हणून त्यावर थोडे सॅच्युरेशन (आवाजाला किंचित खरखरीत करणारा परिणाम) देऊन वरच्या पट्टीत त्याची सावली उमटवावी लागते. हे ज्याला नीट जमते, त्याच्याकडे मंडळांची पोरे आपणहून येतात.

वेबसाइटवर बीट भाड्याने द्यायची असेल, तर जी बीट अनेकांना अनन्य नसलेल्या परवान्यावर दिली आहे, ती यूट्यूबच्या कंटेंट आयडीमध्ये, म्हणजे सारखा आवाज आपोआप ओळखणाऱ्या यंत्रणेत, नोंदवू नका आणि घेणाऱ्यालाही नोंदवू देऊ नका. नाहीतर तुमचे एक गिऱ्हाईक दुसऱ्या गिऱ्हाइकाच्या गाण्यावर दावा ठोकते आणि शिव्या तुम्हाला बसतात. जीएसटीचीही लोक नाहक धास्ती घेतात. गिऱ्हाईक कोल्हापूरचे म्हणजे दुसऱ्या राज्यातले, म्हणून नोंदणी सक्तीची, असे मलाही एका हिशेबनिसाने सांगितले होते. ऑक्टोबर 2017 पासून वार्षिक 20 लाखांच्या आतील सेवांना आंतरराज्य व्यवहार असला तरी ती सूट आहे. कंपनीने टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच प्राप्तिकर, कापला तर प्राप्तिकर खात्याच्या वार्षिक करपत्रकात तो दिसतो की नाही, तेवढे मात्र पाहत जा.

नोकरी आताच सोडू नका. गाण्यांव्यतिरिक्तच्या कामांतून पगाराएवढे पैसे वर्षभर येऊ लागले, की मग वडिलांशी बोला. त्याआधी बोलून ते ऐकणार नाहीत, आणि त्यांचे चूक आहे असेही नाही.

अनगोळवासी

मला वरचा सूर थोडा एकांगी वाटतो. नाव नसलेल्या मुलाच्या एका गाण्याला कोणी 40,000 देत असेल, तर ते घेऊन चांगला ऑडिओ इंटरफेस आणि माइक घ्यावा. हक्क राखून ठेवलेली शेकडो गाणी हार्ड डिस्कवर धूळ खात पडलेली असतात. ही कंपनी गेली तर दुसरी येईलच याची हमी कोण देणार?

चिकोडी साउंड

हमी कोणीच देणार नाही, हे मान्य. पण पैसे नाकारा असे इथे कोणी म्हटलेले नाही. मुदत आणि श्रेय मागा, एवढेच म्हटले आहे. बीट करणाऱ्याला पुढचे काम नावावर मिळते. दिल्लीच्या सेझ ऑन द बीट या बीट करणाऱ्याचे नाव श्रोत्यांना माहीत आहे ते डिव्हाइन, नेझी, प्रभ दीप या रॅपरांच्या गाण्यांवर ते लागले म्हणून. श्रेयाशिवाय दिलेली बीट पुढचे गिऱ्हाईक आणत नाही.

सुळेभावी रोड

चर्चा करारावर रंगली आहे, पण शेवटच्या कडव्याखालच्या त्या तुकड्याकडे कोणाचे लक्ष गेलेले दिसत नाही. माझ्या मते खरा पेच तिथे आहे.

कुमारजी आमच्या सुळेभावीचे, इथेच जन्मले, त्यामुळे आपल्या भागातल्या मुलाला त्यांचा स्वर रॅपखाली ठेवावासा वाटला याचे मला कौतुकच आहे. पण हक्कांचा हिशेब पाहा. शब्द कबीरांचे असतील तर त्यांवर कोणाची मालकी नाही. चाल कुमारजींची असेल तर त्यांचे निधन 1992 मध्ये झाले आणि रचनेचे हक्क रचनाकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षे चालतात, म्हणजे 2052 अखेरपर्यंत. ध्वनिमुद्रणाचा हक्क आणखी वेगळा. तो प्रसिद्धीनंतर 60 वर्षे असतो, तेव्हा चुलत्यांच्या तबकडीवरचे वर्ष वाचा. सूर उतरवल्याने किंवा तुकडा लहान असल्याने यातले काहीही टळत नाही. काही सेकंदांपर्यंत चालते, ही निव्वळ ऐकीव गोष्ट आहे. नेदरलँड्सच्या यंगकियो या मुलाने 30 डॉलरला ऑनलाइन विकलेली एक बीट 2019 मध्ये जगभर गाजलेल्या ‘ओल्ड टाउन रोड’ या गाण्याखाली वाजली. तिच्यातील नमुना, म्हणजे उचललेला तुकडा, नाइन इंच नेल्स या अमेरिकी बँडचा होता, आणि श्रेयनामावलीत त्या बँडच्या ट्रेंट रेझनर व अॅटिकस रॉस यांची नावे आली. गाणे लहान असते तोवर कोणी पाहत नाही, मोठे झाले की सगळे पाहतात.

आता मसुद्यात शोधा: सर्व सामग्री स्वतःची आहे आणि त्यातून काही दावा उद्भवल्यास नुकसानभरपाई निर्माता देईल, अशा अर्थाचे कलम असणारच. त्यावर सही केलीत, तर 40,000 घेऊन तुम्ही त्याच्या कितीतरी पट जोखीम अंगावर घ्याल.

उपाय आहे. तो तुकडा काढा आणि आपल्याकडच्या एखाद्या गायकाकडून त्याच भावाचा नवा, स्वतंत्र आलाप गाऊन घ्या. बेळगाव-धारवाड पट्ट्यात गळ्यांची वाण नाही. मानधन द्या आणि लेखी संमती घ्या, कारण कलाकाराचेही स्वतःचे हक्क असतात. करडी मजल या उत्तर कर्नाटकातील लोकवाद्यवृंदाचे वादक किंवा हलगीवाले बोलावलेत तरी हेच करा; चहा पाजून रेकॉर्ड करून घ्यायची आपल्याकडची पद्धत बरी नव्हे.

खासबागकर

सर्वांचा आभारी आहे. ते कलम मसुद्यात खरोखरच आहे, नवव्या क्रमांकावर, आणि दाव्याच्या रकमेला कोणतीही मर्यादा घातलेली नाही. धारवाडला शिकणारी एक ओळखीची गायिका नवा आलाप गाऊन देण्यास तयार आहे. तो बसवून गाणे नव्याने चढवीन आणि जुने खाली घेईन. पाहिलेल्यांचा आकडा शून्यावर येईल, त्याला इलाज नाही. कंपनीला 3 वर्षांचा परवाना, श्रेय आणि नवव्या कलमात रकमेची मर्यादा, असा उलट प्रस्ताव पाठवतो. नोकरी तूर्त सोडत नाही. मागाच्या आवाजाबद्दल मालकाची परवानगी लागेल का, आणि आयपीआरएसमध्ये (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या सोसायटीत) मित्राने नाव नोंदवायचे की मी?

टिळकवाडीचे वकील

मागाच्या खटखटीवर कोणाचा कॉपीराइट नाही. तुम्ही स्वतः टिपलेले रेकॉर्डिंग तुमचेच आहे. दुसऱ्याच्या आवारात शिरून रेकॉर्ड केले असेल तर एक शब्द विचारून घ्यावा, तोही शेजारधर्म म्हणून.

आयपीआरएसचे सभासद दोघांनीही व्हायचे आहे, मित्राने गीतकार म्हणून आणि तुम्ही संगीतकार म्हणून. त्याआधी एका कागदावर वाटणी लिहून दोघांच्या सह्या करा. शब्द निम्मे आणि संगीत निम्मे ही सर्वसाधारण पद्धत आहे, पण हुकलाइनची, म्हणजे गाण्यात पुन्हापुन्हा येणाऱ्या ओळीची, चाल त्याची असेल तर आकडा बदलू शकतो आणि तो आताच, गोडीगुलाबीत ठरवावा. दोघांनी वेगवेगळे आकडे नोंदवले, तर वाद मिटेपर्यंत रॉयल्टी अडकून पडते. नवीन आलाप गाणारी मुलगी केवळ गायली आहे की तिने तो स्वतः रचला आहे, हेही त्याच कागदावर स्पष्ट लिहा. रचला असेल तर संगीताच्या निम्म्यात तिचाही वाटा येतो.