तात्यांची साक्ष पाच वेळा पुढे गेली. लवकर घ्या असा अर्ज आम्हीच देऊ शकतो का?

द्राक्षवाला:
नमस्कार मंडळी. तासगाव तालुक्यातला आहे. कोर्टाची भाषा फारशी कळत नाही, चुकलं तर सांभाळून घ्या.

२०१९ च्या दिवाळीत बांधाच्या भांडणात भावकीनं तात्यांवर (माझे वडील, आता ६८) कोयता चालवला. उजव्या हाताची दोन बोटं गेली. ३०७ (खुनाचा प्रयत्न) लागलं. दोषारोप ठेवायलाच २०२३ उजाडलं. नंतर साक्षीसाठी पाच वेळा समन्स आलं, पाचही वेळा साक्ष न होता परत आलो. दोनदा जजसाहेब रजेवर, ते समजू शकतो. तीनदा मात्र आरोपीच्या वकिलांनी ‘दुसऱ्या कोर्टात काम आहे’ म्हणून मुदत मागितली आणि मिळाली. सरकारी वकील भले आहेत, पण त्यांच्यापुढचा फायलींचा ढीग बघून ‘आमचंच आधी घ्या’ म्हणायला जीभ रेटत नाही.

मागची तारीख ऐन छाटणीत आली. मजूर बागेत सोडून गेलो. तात्या इस्त्रीचा पांढरा सदरा घालून, समन्स आणि आधार कार्ड दुधाच्या पिशवीत गुंडाळून ११ ते ४ बाकावर बसले. परतताना एसटीत म्हणाले, “आधी बॅटरी पडली का आधी मला लागलं, आता नक्की आठवत न्हाई रं.” माझी खरी भीती हीच. आरोपी जामिनावर आहेत, चहाच्या गाड्यावर आमच्या शेजारीच उभे असतात.

साक्ष लवकर घ्या असा अर्ज आम्ही देऊ शकतो का? नव्या कायद्यात दोनपेक्षा जास्त मुदती नाहीत असं वाचलं, ते आम्हाला लागू आहे का?

निवृत्त कारकून:
लागू नाही. नवा कायदा १ जुलै २०२४ ला आला, त्याआधीपासून चालू असलेले खटले जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेनंच चालतात. पण हळहळू नका, जुन्या संहितेच्या कलम ३०९ मध्येच तुमचं काम आहे. साक्षीदार हजर असताना त्याला न तपासता तारीख द्यायची तर खास कारण लेखी नोंदवावं लागतं. आणि वकील दुसऱ्या कोर्टात गुंतलाय, हे कारण तर कायदा मानतच नाही.

आधी पाचही तारखांच्या रोजनाम्याच्या (त्या दिवशी कोर्टात काय झालं याची नोंद) नकला काढा. तात्यांची हजेरी लागलीय का बघा, नाहीतर सगळे हेलपाटे वाया. मग त्याच संहितेच्या कलम २४(८) खाली सरकारी वकिलांच्या मदतीला स्वतःचा वकील द्या, कोर्टाच्या परवानगीनं देता येतो. लवकर सुनावणीचा अर्ज दोन्ही वकिलांनी मिळून तयार करावा, त्यात वय आणि हेलपाटे तारखांसकट लिहा. फी जड जात असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा.

हायकोर्टाची घाई नको. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला बेंच आहे, मुंबई गाठायला नको हे खरं. पण अमुक मुदतीत खटला संपवा असे आदेश अपवादानंच द्यावेत, असं सुप्रीम कोर्टानं फेब्रुवारी २०२४ मध्ये सांगितलंय.

तात्यांना सांगा, आठवत नसेल तर ‘आठवत नाही’ म्हणा. अंदाजानं बोललेलं उलटतपासणीत अंगाशी येतं.

द्राक्षवाला:
काका, आज नकला मिळाल्या. दोन रोजनाम्यांत चक्क ‘साक्षीदार गैरहजर’ लिहिलंय! तात्या दोन्ही दिवशी बाकावरच होते. एसटीची तिकिटं अर्जाला जोडली तर चालतील का? ज्येष्ठांची अर्धी तिकिटं आहेत, तात्यांनी सगळी ठेवलीत, त्याच दुधाच्या पिशवीत.