लाल भोपळ्याचं सूप कॉर्नफ्लोअरशिवाय दाट कसं करायचं? मदत हवी आहे

मंडळी, सासूबाईंना सर्दी झालीये आणि रात्री जेवण नको, गरम काहीतरी प्यायला दे म्हणतात, म्हणून लाल भोपळा, गाजर, एक टोमॅटो नि आलं कुकरला शिजवून मिक्सरला फिरवते, मग तुपात जिरं, 2 लवंगा, दालचिनीचा तुकडा आणि वरून मिरपूड. चव छान येते पण वाटीत ओतलं की थोड्या वेळात पाणी वर आणि गर खाली. कॉर्नफ्लोअर नकोय, बुळबुळीत लागतं ते (आमच्याकडे तरी कुणाला आवडत नाही). भाज्यांसोबतच मूठभर मूगडाळ शिजवली तर चालेल का, की सरळ वरणच होईल त्याचं? आणि नारळाचं दूध घालायचं तर गॅस बंद करूनच ना, टोमॅटो आहे म्हणून विचारतेय, फुटायला नको. प्लीज सांगा कुणीतरी, आज रात्रीच करायचंय!